नीलकंठरावांचा पाचवा चित्रपट

काशीच्या मुन्शी घाटावर माघातलं धुकं इतकं दाट होतं, की समोरची होडीसुद्धा दिसत नव्हती. रस्ता विचारल्यावर नावाड्यानं पुन्हा उलट्या दिशेला हात केला, तसा एक तरुण मराठीत पुटपुटला, "असंच चाललं तर संध्याकाळी थेट गंगेतच पोचणार मी!"

मागून एक तरुणी खुदकन हसली. "मराठी इथंही समजतं बरं का! कुणाकडे जायचंय?"

"मंगला गौरीच्या देवळाजवळ... नीलकंठराव म्हणून आहेत. एके काळचे चित्रपट निर्माते—"

त्या तरुणीचं, हिमानीचं, हसू ओठांवरच राहिलं. "ते माझे आजोबा."

तो तरुण, यज्ञेश, पुण्याचा. जुन्या, खराब झालेल्या फिल्मा दुरुस्त करायचं त्याचं काम. पन्नासच्या दशकात नीलकंठरावांनी मुंबईत चार चित्रपट काढले, चारही चालले. पाचवा अर्धा झाला असताना ते एकाएकी काशीला निघून आले. का, ते कुणालाच माहीत नव्हतं. भागीदारानं तो पुरा केला आणि निर्माता म्हणून स्वतःचं नाव लावलं. यज्ञेशला त्यामागची खरी हकीकत हवी होती.

शहाण्णव वर्षांचे आजोबा पहिले आठ दिवस एक शब्द बोलले नाहीत. तरी तो रोज येई, नेमका हिमानी शिकवायची ती शाळा सुटण्याच्या वेळेला.

"आजोबा बोलत नाहीत, मग रोज कशाला परेशान होता?"

"चहा छान असतो."

"काल साखर घालायलाच विसरले होते मी."

"हो?... मला नाही कळलं."

तिनं घाईघाईनं पदरानं कप पुसला. त्या दिवसापासून 'अहो' कधी गळून पडलं, दोघांनाही समजलं नाही.

नवव्या दिवशी त्यानं लॅपटॉपवर तो पाचवा चित्रपट लावला. आजोबांची नजर केव्हाच गेली होती, ते नुसते ऐकत होते. मध्येच धो-धो पावसाचा आवाज आला आणि ते ताठ बसले.

"हा पाऊस माझा! पाऊस पाडायला आगीचे चार बंब मागवले होते मी... दुसऱ्या दिवशी काशीहून तार आली. हिमा, तुझ्या आजीला विषमज्वर झाला होता. सगळं टाकून आलो. ती वाचली... तोवर चित्रपट माझ्या हातून गेला होता, आणि मी तिला चाळीस वर्षं माफ केलं नाही. तिनं बोलावलंही नव्हतं गं, तार तिच्या भावानं केली होती. वाढताना ती माझ्याकडे बघायची. मी ताटात बघायचो."

पुढच्याच आठवड्यात यज्ञेशला इटलीहून पत्र आलं. तिथल्या फिल्म-संग्रहालयात तीन वर्षांची नेमणूक. कॉलेजपासून त्यानं उराशी धरलेलं स्वप्न.

राजा घाटाच्या पायरीवर तो हिमानीला म्हणाला, "मी नकार कळवतोय. आजोबांना तुझ्याशिवाय कुणी नाही, तू येऊ शकत नाहीस. मग मी थांबतो. सोपं आहे."

"आज सोपं आहे..."

हिमानीनं त्याच्या बोटांकडे पाहिलं. फिल्म साफ करून करून त्यांची टोकं खरखरीत झाली होती. थांब म्हणावं, असं तिला इतकं वाटलं, की तिनं ओठ घट्ट मिटून घेतले.

"मी तसा नाही, हिमानी. तुला कधी दोष देणार नाही."

"आजोबाही तसे नव्हते, यज्ञेश. ते माझ्या आजीवर जीव टाकायचे, म्हणूनच धावत आले ना?"

तो पाण्याकडे वळला. "तीन वर्षांनी...?"

"वचन नको. दिलंस तर मी वाट बघत बसेन."

"निदान एकदा सांग तरी. माझ्यावर तुझं—"

"आहे. खूप आहे. म्हणून तर जा म्हणते."

तो गेला, त्या दुपारी ती स्टेशनवरून परतली तेव्हा आजोबा खिडकीपाशी पलंगावर बसले होते.

"गेला?"

"गेला."

"तूच पाठवलंस?"

ती दारातच उभी राहून रडू लागली. चाचपडत, हळूहळू सरकत आजोबांनी तिच्यासाठी शेजारी जागा केली.