धाकटीचा डावा हात

ही गोष्ट भर दुपारची आहे, म्हणून तिला हलकी समजू नका. रात्री माणूस निदान कान टवकारून तरी असतो. पण दुपारी, आभाळ छपरापर्यंत उतरलेलं, खिडकीतून राखाडी उजेड झिरपतोय, टेबलावरच्या डिंकाचा आंबूस वास नाकात मुरलाय, अशा वेळी कोण सावध असतं?

ताई तर मुळीच नव्हत्या. त्या खुर्चीच्या डुगडुगणाऱ्या पायावर लेख लिहायला बसल्या होत्या.

त्यांना सगळे ताईच म्हणत. घरातल्या मोडतोडीवर त्यांची वेबसाइट होती. अडकणारे खण, गळके नळ, कुरकुरणाऱ्या बिजागऱ्या, असलं सगळं. अकरा वर्षांत चारशेच्या वर लेख झाले होते. लग्नाच्या भानगडीत त्या पडल्या नाहीत, आई दोन गल्ल्या पलीकडे एकटी राहायची, आणि साइटवरच्या जाहिरातींवर दोन्ही घरं चालत. फोटोत मात्र ताईंनी चेहरा कधी दिला नाही. कुणी आग्रह केलाच, तर "स्क्रू काय नाकानं पिळायचाय?" असं विचारून मोकळ्या होत. फोटोत फक्त त्यांचे हात, आणि वडिलांची मोजायची पिवळी टेप. ती टेप चोवीस तास खिशात. मन थाऱ्यावर नसलं की वीतभर बाहेर ओढायची, आकडे वाचायचे, पुन्हा आत सोडायची. तेवढ्यानं त्यांना बरं वाटे.

दोन महिन्यांपूर्वी मावसभावाचा फोन आला होता. साइटची तांत्रिक बाजू तोच सांभाळायचा.

"ताई, अभिनंदन," तो म्हणाला. "तुझ्या साइटला जुळं झालंय."

नाव तेच, मध्ये फक्त एक आडवी रेघ जास्त. लेख शब्दाला शब्द तेच, आणि ताईंनी टाकल्यावर तासाभरात तिकडे हजर. फोटोही ताईंचेच, पण आरशात पाहिल्यासारखे उलटे. पेचकस डाव्या हातात, टेपवरचे आकडे उलटे. मावसभावानं समजावलं, की ही या चोरांची जुनी खोड आहे. फोटो उलटवला की शोधयंत्राला चोरी ओळखता येत नाही. बघता बघता निम्मे वाचक तिकडे वळले, आणि उरलेले ताईंनाच नक्कल समजून चार शब्द सुनावू लागले.

उपाय मावसभावानंच सुचवला. लेखात एखादी धडधडीत खोटी गोष्ट पेरून ठेवायची. चोरानं ती उचलली की पुरावा आयता हातात. दुसरं कुणी असतं तर एखाद्या खिळ्याचं माप चुकीचं लिहिलं असतं. पण ताईंच्या अंगात खोडसाळपणा पुरेपूर. त्यांनी एक बहीणच जन्माला घातली. एकुलत्या एक होत्या, लहानपणापासून हौस होतीच. चोराचे फोटो उलटे, तर त्याला उलट्या हाताचीच बहीण देऊ, असं म्हणून त्यांनी धाकटीला डावखुरी केलं. डाव्या अंगठ्यावर गरम डिंकानं भाजल्याचा डाग दिला. शीळ घालत काम करायची सवय दिली, आणि डिंकाच्या बाटलीचं झाकण कधीही न लावण्याचा आळस दिला.

वाचकांना धाकटी फार आवडली. ताईंपेक्षा जरा जास्तच. चोरानं तर ती अख्खी उचलली.

मग ताईंनी, दोन्ही साइट जिच्या यंत्रांवर ठेवलेल्या होत्या त्या कंपनीकडे तक्रार केली. धाकटी नावाची कुणी नाहीच, ती मी रचलेली आहे, तेव्हा जिच्याकडे ती सापडेल ती साइट चोर. गालातल्या गालात हसत त्यांनी ते पत्र पाठवलं होतं.

त्याचं उत्तर त्या दुपारी आलं. खुर्चीच्या पायाचा लेख अर्धाच झाला होता.

समोरच्या पक्षाचं म्हणणंही हेच आहे, असं कंपनीनं कळवलं होतं. चोर पकडण्यासाठी आपण एक थोरली बहीण रचली होती, आपण मुळात एकुलत्या एक आहोत, असं तिकडून लिहून आलं होतं. दोन्ही दावे सारखेच, म्हणून घरातल्या वडीलधाऱ्या माणसाचं हाताने लिहिलेलं पत्र संध्याकाळी पाचच्या आत पाठवावं. ज्यांचं पत्र आधी पोचेल त्यांची साइट राहील, दुसरी कायमची पुसली जाईल. खाली समोरच्या पक्षाचा एक फोटो जोडला होता.

ताईंनी तो पाहिला, मावसभावाला पाठवला आणि लगेच फोन लावला.

"अगं, उलटवलेला असणार," तो जांभई देत म्हणाला. "नवीन काय त्यात?"

"टेपवरचे आकडे वाच."

पलीकडे माउसचा खट्ट आवाज झाला.

"सुलटे आहेत," तो म्हणाला. "मग हात..."

"डावा आहे. आणि अंगठा बघ."

"भाजल्याचा डाग आहे," तो म्हणाला. ताई मात्र फोटोतलं टेबल पाहत होत्या. इस्त्रीचा तपकिरी चट्टा असलेलं त्यांचंच टेबल. त्यावर आडवी ठेवलेली खुर्ची. ती त्यांनी आज सकाळी आडवी केली होती, आणि तिचा फोटो अजून काढलाच नव्हता.

आईचं पत्र आणायला त्या तशाच निघाल्या. रस्त्यावर चिटपाखरू नव्हतं. आईच्या इमारतीचा जिना दिवसाही अंधारा, आणि तिसऱ्या मजल्यापर्यंत त्यात डिंकाचा वास भरला होता.

आई दारासमोर वर्तमानपत्र घेऊन बसली होती. "आता काय विसरलीस?" ती वर न बघताच म्हणाली.

पत्र तर तिनं दुपारी बारालाच लिहून दिलं होतं. तूच समोर बसून लिहून घेतलंस, म्हणाली. मला एकच मुलगी आहे असं लिही म्हणालीस, लिहिलं, त्यात खोटं ते काय. शिवाय निघताना माझी मोडकी खुर्चीही नीट करून दिलीस.

खुर्ची भिंतीशी होती. पायाला दोरीचे आवळून वेढे घातले होते, आणि सांध्यातून आलेला पांढरा डिंक अजून ओला होता. शेजारी बाटली. झाकण उघडं.

ताईंना उघडी बाटली बघवत नसे. त्या वाकल्या आणि त्यांनी झाकण लावलं.

वर्तमानपत्राची सळसळ थांबली.

"उजव्या हातानं?" आईनं विचारलं.

"मी उजव्याच हातानं करते, आई. नेहमीच..."

"डावा अंगठा दाखव."

आईनं तो हातात घेतला, उजेडाकडे वळवला, चष्मा वर करून पाहिला, मग स्वतःच्या बोटानं चोळून पाहिला. "मी फुंकर घातली होती त्यावर," ती स्वतःशीच पुटपुटली. "रात्रभर रडत होती..."

तिनं हात सोडला. स्वतः बसली होती ती खुर्ची हातभर मागे सरकवली.

"तुम्ही बसा," आई हळू म्हणाली. सत्तेचाळीस वर्षांत तिच्या तोंडून ताईंनी स्वतःसाठी कधी 'तुम्ही' ऐकलं नव्हतं. "माझी मुलगी येईलच एवढ्यात. ती दोरी सोडायला येणार आहे."

ताईंचा फोन थरथरला. मावसभावाचा निरोप होता. जिंकलो ताई, तू आईकडून आणलेलं पत्र कंपनीला पोचलं, चोरटी साइट पुसली. ताईंनी घाईघाईनं आपली साइट उघडली. पांढरं पान आलं. पुन्हा उघडली. पांढरंच. अकरा वर्षांतला एक खिळाही तिथे उरला नव्हता.

खाली जिन्यावर कुणीतरी शीळ घालत चढू लागलं. सावकाश, रोजच्या सवयीनं.

आईचा चेहरा उजळला. ताईंचा हात आपोआप खिशात गेला. वडिलांची टेप त्यांनी वीतभर बाहेर ओढली आणि ओठांतल्या ओठांत आकडे वाचायला घेतले. एक... दोन...

तीनपाशी त्या अडखळल्या. आकडे सगळे होते, क्रमानंही होते. पण प्रत्येक आकडा आरशात पाहिल्यासारखा, उलटा.