हरवलेल्या अंगदचा पुकारा

बैस, बबिता. ओरडू नको, शेजारी जमतील. तुझा नवरा माझ्यासंगं लातूरला का आला न्हाई, तेच सांगून राहिले.

काल दुपारी आम्ही माहूरला उतरलो. देवीपुढं नाक घासायचं म्हणून अंगदनं मला नेलं होतं. वा रे पुत्र! गेल्या नवरात्राच्या गर्दीत आमची माय हितं हरवली म्हणून गावभर रडला. ती डोंगराखाली मेलेली सापडली, तवा तर असा हंबरडा फोडला की सिनेमावाल्यांनी शिकावं. मला शिसारीच आली होती.

अर्ध्या पायऱ्या चढला अन् मटकन खाली बसला.

"आक्का, हितंच बसवलं व्हतं तिला. दात न्हाईत, विडा कुटून आणतो म्हणलं… अन् सरळ बस धरली."

"हरवली न्हाई?"

"न्हाई… बबिताला तिचं करणं हुईना…"

थू! खरंच थुंकले त्याच्यापुढं. "बायकोचं नाव सांगतो? अन् वर देवीला तोंड दाखवतो?"

मान कशाला खाली घालते, बबिता? ऐक.

जत्रा कधीच उठली होती. मंडप न्हाई, भोंगा न्हाई, सगळं गपगार. एकदम धुपाचा वास आला. अन् कुठंतरी भोंगा खरखरला. जत्रेत हरवलेल्यांसाठी पुकारतात, तसा…

"अंगद… वय सहा वर्षं… निळी चड्डी… हरवला आहे. त्याची आई पंचफुलाबाई पायथ्याशी वाट बघत आहे…"

म्हातारपणी डोकं फिरल्यापासून माय ह्या घोड्याला सहा वर्षांचाच समजायची. ह्यानं तिला टाकलं, अन् ती पोरगं हरवलं म्हणून डोंगरभर हुडकत हिंडली असणार!

अंगद उठला. "माय… मी हितं हाय…" आवाज एवढूसा. तसाच खाली पळाला. मी मागं धावले, पर वळणावर दिसंना.

पायथ्याला ओटीचं सामान विकणारी म्हातारी होती. इचारलं, "पन्नाशीचा टकल्या माणूस गेला का हितून?"

"न्हाई बाई. एक म्हातारी गेली, पोराला हाताला धरून. लई रडून राहिलं व्हतं… ती आपली पदरानं डोळे पुसत व्हती त्याचे."

पुसले डोळे! त्या पाप्याचे! मी असते तर थोबाडीत दिली असती.

चौकीत गेले. हवालदार म्हणाला, "हरवलेल्याचं वय काय?"

तशीच उठले अन् लातूरची बस धरली. तू बायको हाईस, बबिता. तूच सांग, किती सांगू?