पुलावरची डबलसीट

"...पुलावर पोचला की ती त्याच्या मागे डबलसीट बसते. आणि मग म्हणे त्याला..."

डीनीच्या बेकरीचं दार मी ढकललं, वरची घंटी किणकिणली आणि वाक्य तिथंच तुटलं. बोलणारी रीक एकदम पावांच्या फळीकडे बघायला लागली. डीनीने पदराला पुसावेत तसे एप्रनला हात पुसले.

"काय देऊ, हिली? मनुकांचा पाव ताजा आहे."

"पाव राहू दे. कोण कुणाच्या मागे बसते?"

"कुणी नाही गं. सायकलीचं बोलत होतो."

आमच्या झ्वोल गावात सायकलीचं बोलणं म्हणजे हवापाण्याचं बोलणं. त्यासाठी कुणी आवाज खाली आणत नाही. शिवाय दोघींची नजर ज्या बाजूला गेली, त्या बाजूला खिडकीबाहेर माझा शेजारी वोल्टर सायकल ढकलत चालला होता. मला जे कळायचं ते कळलं. घरी येऊन नवऱ्याला म्हटलं, "हार्म, वोल्टरला कुणीतरी भेटलीय."

हार्मने पेपर खाली केला नाही. "तुझं नाक एक दिवस कुणाच्यातरी दारात चेमटणार आहे."

म्हणू दे. वोल्टर आणि आम्ही एका भिंतीचे शेजारी. भिंत अशी की त्याच्याकडे चमचा पडला तर मी खाली बघते. चाळिशी उलटलेला, एकटा, सायकली दुरुस्त करण्यात अर्धं आयुष्य घातलेला साधा माणूस. दुकान बंद पडल्यावर त्याने नवं काम काढलं. परगावच्या लोकांना सायकलवरून गावातल्या दुसऱ्या महायुद्धाच्या जागा दाखवायच्या. बाई भेटली असती तर मला आनंदच होता. पण तो माणूस डोळ्यांदेखत झिजत चालला होता. गेल्या हिवाळ्यात घट्ट बसणारा कोट आता खुंटीला टांगल्यासारखा त्याच्या अंगावर लोंबायचा. आणि खाणं? भिंतीपलीकडे भांडी वाजायची थांबत नसत. रोज दोन-दोन पाव नेतो, असं डीनीच सांगायची. एकदा कॉफीला बोलावलं, तर त्याने बिस्किटांचा डबाच रिकामा केला. आमच्याकडे एक बिस्किट घेतलं की डबा बंद होतो, हे काय त्याला ठाऊक नव्हतं?

"माफ करा शेजारीणबाई," तो लाजून म्हणाला. "डॉक्टरांनी सगळं तपासलं. काही सापडत नाही. असंच चाललं तर पुढचा वसंत बघणं कठीण, म्हणतात."

"अरे, मग एवढं खातोस ते जातं कुठं?"

"पोटात जातं." त्याने डब्यातला चुरा बोटाने टिपला. "पण मला मिळत नाही..."

अशा माणसाला खंगवणारी ही बाई कोण, हे बघायलाच हवं होतं. एका बुधवारी दुपारी मी माझी जुनी काळी सायकल काढली आणि त्याच्यापुढे जाऊन उभी राहिले.

"मीही येते तुझ्या सहलीला."

"तुम्ही? जन्म काढलात की इथं!"

"म्हणूनच तर काही बघितलं नाही."

नोव्हेंबर होता. धुकं नदीवरून उठून सकाळीच गल्ल्यांत शिरलं होतं आणि दुपारीही हललं नव्हतं. उट्रेख्टहून आलेलं एक जोडपं, हसऱ्या चार-दोन कॉलेजच्या मुली आणि सगळ्यांत मागे मी. वोल्टर पुढे. वेशीपाशी थांबून त्याने सांगितलं की युद्धाच्या शेवटी शेवटी सायकलींना टायर मिळेनात, तेव्हा लोक बागेला पाणी घालायच्या नळीचे तुकडे चाकाला बांधत. एका शाळेपाशी थांबवून, उपाशी माणसं इथं गवतावर झोपत, म्हणाला. उट्रेख्टच्या बाई म्हणाल्या, "माझी आजी आली होती म्हणे इकडे, चालत." मुलींचं हसणं कमी झालं. मी मात्र प्रत्येक कोपऱ्यावर बघत होते, कुठं लाल स्कार्फवाली एखादी उभी आहे का.

कुणीच नव्हतं.

मग बांधावरचा रस्ता आला. डावीकडे आयसेल नदी असणार, दिसत नव्हती. नुसता पाण्याचा वास आणि त्यात आणखी एक. गोडसर, मातकट, उकडलेल्या साखरबिटाचा. आई सांगायची, युद्धातल्या उपासमारीत तेच खाल्ल्यामुळे त्या वासाने तिला आयुष्यभर मळमळायचं. आजूबाजूला घर नव्हतं, चूल नव्हती. तरी वास पुढे पुढे दाटच होत गेला.

पूल अर्धाच दिसत होता. पुढचा अर्धा धुक्याने खाल्लेला. वोल्टर सायकलवरून उतरला.

"युद्धाच्या त्या शेवटच्या, उपासमारीच्या हिवाळ्यात पश्चिमेकडच्या शहरांतून बायका इथवर यायच्या," तो सांगू लागला. "चादरी, लग्नाची अंगठी, जे असेल ते शेतकऱ्याला द्यायच्या आणि बटाटे, धान्य घेऊन परत फिरायच्या. घरी पोरं वाट बघत असायची. हा पूल ओलांडला की निम्मं घर आलं. पण पुलावर पहारा असे. जर्मनांचा..." त्याचा आवाज खाली गेला. "आणि आपल्यातल्याही काहींचा. ते सगळं काढून घेत."

मग त्याने सायकल गावाच्या दिशेने वळवली, कॅरिअरवर दोनदा थाप मारली आणि नाटकातल्यासारखा मोठ्याने ओरडला, "रस्त्यात कुणी थकलेली दिसली, की सायकलवाला म्हणायचा: चल, बस मागे!"

दर वेळी तो असंच म्हणत असणार. मुलींनी टाळ्या वाजवल्या. तो निघाला.

आमच्याकडे डबलसीट बसणारा उभ्या सायकलवर बसत नाही. चालवणाऱ्याने निघायचं, दुसऱ्याने दोन पावलं पळून आडवी उडी मारायची. हिसका बसतो, पुढचं चाक डगमगतं, मग सावरतं. लहानपणापासून हजारदा बघितलेलं. वोल्टर जरा पुढे गेला आणि त्याला तसा हिसका बसला. पुढचं चाक डगमगलं. मागचं टायर रस्त्याशी दबलं, अगदी चपटं झालं. तो दातओठ खाऊन पेडल मारायला लागला.

त्याच्या मागे कॅरिअरवर कुणीच नव्हतं.

बाकीचे त्याच्या मागोमाग धुक्यात गेले. मी एकटी मागे राहिले. शहाणी बाई असती तर गप्प निघून गेली असती. पण माझ्या तोंडाला कधी कडी नव्हतीच, आणि डोळ्यांपुढे ते खुंटीवरच्या कोटासारखे खांदे.

"अगं बाई," मी धुक्याला म्हटलं. "त्या वाळक्या माणसाला कशाला छळतेस? माझी सायकल दणकट आहे. माझ्या मागे बस."

मी निघाले. मागे पावलं वाजली. लाकडी तळाचे बूट. एक, दोन... आणि हिसका.

ओरडायला श्वासच उरला नाही. कमरेला दोन हात आले. लोकरीचे हातमोजे, बोटांपाशी उसवलेले. त्यातून बाहेर आलेली बोटं माझ्या कोटातून गार लागत होती. मी गावाकडे जोर लावला, तर सायकल जागची हलेना. भिंतीला ढकलावं तशी. उतरायचा धीर नव्हता. शेवटी हँडल वळवलं, वळवत गेले, आणि पुढचं चाक पुलाकडे झालं मात्र, सायकल आपणहून सुटली.

तेव्हा माझ्या डोक्यात उजेड पडला. वोल्टर दर वेळी पुलाच्या तोंडाशी येऊन उलटा फिरतो. हिला जायचंय घरी, पलीकडे. आणि तो तिला परत गावात आणून सोडतो! बिचारी पुन्हा पायपीट करत पुलाशी, पुन्हा त्याच्या मागे. पुरुषांना साधं विचारता येत नाही, कुठं सोडू म्हणून.

"नेते गं," मी म्हटलं. "नेते तुला."

पुलाच्या मध्यावर तिने कपाळ माझ्या पाठीत खुपसलं. हातांची मिठी घट्ट झाली. तिचा श्वास थांबलेला मला कळला... आणि माझाही थांबला. कठड्याशी काहीतरी काळं, उभं होतं का? मी बघितलं नाही. सगळीकडे बघायची खोड असलेली मी, पण तेवढा वेळ नजर हँडलवरून उचलली नाही.

पलीकडच्या काठाला लागलो तशी सायकल हलकी झाली. लाकडी बूट पुढच्या हाटेम गावाच्या रस्त्याने पळत गेले, दूर, आणखी दूर. जाण्याआधी माझ्या पाठीवर एक हात फिरला, आई लेकराच्या पाठीवरून फिरवते तसा. मी रडत रडत परत आले. शाळेपाशी सगळे थांबले होते.

"कुठं राहिलात, शेजारीणबाई?"

"चेन उतरली होती," मी म्हटलं.

शनिवारी मी वाटाण्याचं घट्ट सूप केलं, चमचा उभा राहील असं. त्यात सॉसेज घातलं आणि पातेलं घेऊन वोल्टरकडे गेले. दार उघडलं तर काय! गालांवर रंग. डोळ्यांत चमक. तीन दिवसांत माणूस भरून आल्यासारखा.

"बघू दे, बघू दे! आता मुलगी बघायला हरकत नाही तुला."

"तुमचं आपलं काहीतरीच," तो हसला. किती दिवसांनी हसला होता. स्वयंपाकघरात टेबलाशी बसून तो जेवायला लागला, आणि आमचं बोलणं भांड्यांच्या आवाजात छान चाललं होतं. मला राहवेना. सगळं सांगून टाकलं. हिसका, हातमोजे, पूल, पळत गेलेले बूट.

"तुझ्या मागची बाई घरी पोचवली मी. म्हणून तुझ्या अंगी लागतंय."

त्याने चमचा खाली ठेवला.

"बाई?"

"हो रे. पुलावर तुझ्या मागे बसते ती. बेकरीत सगळे बोलतात."

"पुलावर बसतं कुणीतरी, ते खरं..." तो हळू म्हणाला. "पण माझ्या मागे बाई कधीच नव्हती. पुरुष आहे. चामड्याचे हातमोजे घातलेला. एक हात माझ्या खांद्यावर ठेवायचा आणि दुसऱ्याने पोट चाचपायचा. पोत्यात काय आहे, किती आहे, हे बघतात तसं."

"जर्मन?"

"नाही. आपल्याच गावचा, पुलावरच्या पहाऱ्यातला. आपल्यासारखंच बोलतो."

"मग सहली बंद का नाही केल्यास, बाळा?"

"केल्या होत्या. मी सायकल बाहेर काढेपर्यंत तो दाराशी उभा राहायचा."

बाहेर अंधारून आलं होतं. दिवा लावायला कुणी उठलं नाही.

"आणि आता?" मी विचारलं.

"बुधवारपासून नाही येत. त्या दिवशी मात्र घरापर्यंत आला. पोटाला हात लावला नाही. खूप रागात होता, पण बोलणं अगदी सभ्य. एकच विचारलं. त्या बाईला पलीकडे कोणी नेलं."

"तू काय सांगितलंस?"

"मी नाव घेतलं नाही, शेजारीणबाई. शपथ. मला तर काही ठाऊकच नव्हतं. पण तुम्ही तेवढ्या मागे राहिला होतात..." त्याने आमच्या दोघांमधल्या भिंतीकडे बघितलं आणि मान खाली घातली. "त्याने या भिंतीकडे बोट केलं. मी... मी मान हलवली असेल. फार भूक लागली होती मला."

मी पातेल्याचं झाकण उगाच उचलून परत ठेवलं. त्याने ताटली हळूच पुढे सरकवली.

"अजून थोडं आहे का?"

मी वाढायला पळी उचलली. तेवढ्यात भिंतीपलीकडून, माझ्या स्वयंपाकघरातून, हार्मचा आवाज आला. परक्या पाहुण्याशी बोलावं तसा, अदबीचा.

"शेजारीच गेलीय, येईल इतक्यात. बसा ना."