रिकाम्या सीटचं वजन

ही घटना खरी आहे. यात एक अक्षरही वाढवून सांगितलेलं नाही. उलट दोन-चार गोष्टी गाळल्यात, कारण त्या सांगवत नाहीत.

फेब्रुवारीचा तिसरा मंगळवार. वेळ रात्रीची नाही, लख्ख दिवसाची. जागा म्हणजे एक छोटंसं बेट. तिथे गाड्या नाहीत. लाँच सकाळी एक आणि संध्याकाळी एक, बस.

ज्याच्या बाबतीत हे घडलं त्याचं सायकल दुरुस्तीचं दुकान आहे. बायको त्याला 'मिस्त्री' म्हणायची. इथेही तेच म्हणू. 'मी' असं लिहायला घेतलं की हात थांबतो, म्हणून 'तो' असं लिहितोय. समजून घ्या.

आदल्या रविवारी मिस्त्रीच्या मोबाइलवर मेसेज आला. मंगळवारचं बुकिंग. कयाक, म्हणजे वल्हवायची निमुळती होडी, आणि सायकल. दोन जण.

हे बुकिंग बायकोनेच केलं होतं, लग्नाला पंचवीस वर्षं झाली म्हणून. मग ती आजारी पडली. दवाखान्यातल्या खाटेवरूनच तिने तारीख पुढे ढकलली.

"रद्द कर ना सरळ," मिस्त्री म्हणाला होता.

"रद्द कशाला? बरी झाले की जाऊ. तेवढीच तुमच्या नखांतली ग्रीस धुऊन निघेल."

ती बरी झाली नाही. डिसेंबरात गेली.

ती गेली तेव्हा मिस्त्री खोलीत नव्हता. नर्सने खालून औषध आणायला सांगितलं होतं. तो दारात पोचला आणि मागून ती म्हणाली, "अहो मिस्त्री, ऐका ना..."

तो घाईत होता. "आलोच," म्हणाला.

मागे वळला नाही.

औषध घेऊन आला तेव्हा सगळं संपलं होतं. चेहरा नंतर पाहिला त्याने. पण त्या चेहऱ्यात ती नव्हती.

तेव्हापासून एक विचित्र गोष्ट व्हायला लागली. डोळे मिटले की त्याला तिची पाठ दिसायची. वेणी दिसायची. मानेवरचा तीळ दिसायचा. चेहरा काही केल्या येत नव्हता. फोटो बघितला की फोटोच आठवायचा, ती नाही.

त्याला आता एकच हवं होतं. एकदा... फक्त एकदा तिने मागे वळून बघावं.

"बाबा, मी कळवू का त्यांना, येत नाही म्हणून?" लेकीने विचारलं.

"नको. जाऊन येतो."

"मग मी येते बरोबर."

"तुला नवीन नोकरी. गप कामावर जा."

"लाँचमधून उतरल्यावर फोन करा. आणि होडीत लाइफ जॅकेट घाला. आई नाहीये आठवण करायला."

एवढं बोलून तीच रडायला लागली.

बेटावर पत्र्याच्या शेडपाशी होडीवाल्या काकी उभ्या होत्या. साठीच्या, उन्हाने रापलेल्या, अंगात केशरी जॅकेट. सहा सायकली आणि चार कयाक, हा त्यांचा सगळा पसारा.

"दोघं ना तुम्ही?"

"एकटाच."

काकींनी एकदा त्याच्याकडे बघितलं. समजूतदार बाई.

"एकट्याच्या कयाक आधीच गेल्या. ही जोडीची ठेवली होती तुमच्यासाठी. तुम्ही मागच्या सीटवर बसा. पुढे पाण्याचे दोन कॅन ठेवते."

"एवढं पाणी कोण पिणार?"

"प्यायला नाही ओ! वजनाला. पुढे कुणी नसलं की हिचं नाक वर उचलतं. मग वारा धरतो आणि गरागरा फिरवतो. या बयेला पुढे माणूस लागतंच."

वीस-वीस लिटरचे दोन कॅन. काकींनी ते पट्ट्याने पुढच्या सीटला बांधले.

"चाळीस किलो. चालून जाईल."

मिस्त्रीने मान फिरवली. दवाखान्यात शेवटच्या आठवड्यात तिच्या वजनाचा काटा चाळीसवरच थांबला होता.

बेटाच्या कडेकडेने वल्हवत पलीकडच्या टोकाला जायचं. तिथे झाडाखाली सायकली ठेवलेल्या असतात. त्यावरून टेकडीला फेरी मारायची आणि कयाकने परत यायचं. असा तो दिवस होता.

कयाक मिस्त्रीला आणि बायकोला नवी नव्हती. गावाबाहेरच्या तळ्यावर दर रविवारी जायचे. ती पुढे, तो मागे. वल्हं ती नावाला धरायची. "मी दिशा दाखवते, तुम्ही इंजिन," म्हणायची. एकदा खंड्या पक्षी दाखवायला ती गर्रकन मागे वळली आणि दोघंही पाण्यात. ती हसून हसून बेजार. मिस्त्रीचा मात्र मोबाइल गेला होता. तो चिडला.

"कयाकमध्ये मागे वळायचं नाही. आभाळ कोसळलं तरी नाही. कळलं?"

"नाही वळणार बरं! तुमचं तोंड काय, घरी बघतेच की."

तिने तो शब्द पाळला. पुन्हा कधीच वळली नाही.

सायकलवर बरोबर उलटं असायचं. तो पुढे, ती मागे. ती येतेय ना म्हणून तो सारखी मान वळवायचा. एकदा त्या नादात खांबावर आपटला. तेव्हा तिने बजावलं, "मागे बघू नका. टिकटिक ऐका. ती ऐकू आली म्हणजे मी आहे."

टिकटिक म्हणजे फ्रीव्हीलची. सायकलच्या मागच्या चाकात ते असतं. पायडल मारत असताना ते गप्प असतं. पाय थांबवले आणि चाक नुसतं फिरत राहिलं, की टिकटिक वाजतं. तिला उतार लागला की पाय थांबवायची सवय. वर ब्रेक दाबून धरायची. ब्रेकचे रबर महिन्यात झिजवायची.

"तुझ्या एकटीच्या जिवावर रबरवाला बंगला बांधेल," मिस्त्री म्हणायचा.

तर तासाभरात तो पलीकडे पोचला. कयाक वाळूवर ओढायची म्हणून कॅन सोडून खाली ठेवले. झाडाखाली दोन सायकली होत्या. दोघांचं बुकिंग, म्हणून दोन.

त्याने खिशातून पाना काढला. पाना त्याच्या खिशात असतोच. एका सायकलचं सीट आपल्या मापाचं केलं. मग दुसरीचं खाली घेतलं. चार बोटं खाली, तिला लागायचं तेवढं. नट घट्ट आवळला...

तेव्हा त्याच्या लक्षात आलं आपण काय करतोय ते.

हाताला कोण सांगणार, की ती नाहीये?

दुसरी सायकल झाडाला टेकवून तो निघाला. लाल मातीची वाट. वाटेत माणूस नाही. मोडकी कुंपणं, एक बंद घर, एक बांधलेली शेळी. टेकडीवर दम खाऊन तो उतरायला लागला. त्याला लवकर परतायचं होतं, म्हणून उतारावरही तो पायडल मारत होता.

आणि मागून आवाज आला...

टिक टिक टिक टिक...

आधी त्याला आपल्याच सायकलचा वाटला. पण त्याचे पाय चालू होते. पाय चालू असताना फ्रीव्हील वाजत नाही. तीस वर्षं त्याने हेच काम केलंय.

त्याने करकचून ब्रेक मारला.

मागची टिकटिक आणखी दोन वेळा वाजली. टिक... टिक...

आणि थांबली.

पानसुद्धा हलत नव्हतं. मिस्त्रीच्या मानेवर काटा आला. मागे वळावं, नुसती मान फिरवावी, असं फार वाटलं.

पण ती म्हणाली होती, मागे बघू नका.

तो मागे न बघताच निघाला. मागून पुन्हा टिकटिक. उतार संपेपर्यंत ती त्याच्या मागे होती. तो ऐकत होता आणि रडत होता. भीती वाटत होती का? वाटत होती. पण आवाज थांबेल याची जास्त.

झाडापाशी आला. दुसरी सायकल जिथल्या तिथे, टेकवली होती तशीच.

त्याने पुढच्या चाकाच्या रिमला हात लावला. गार होती.

मागच्या रिमला लावला...

गरम.

सायकल उतारावरून ब्रेक दाबून आणल्यावर होते तशी. रबराचा जळका वासही येत होता. तो वास मिस्त्री झोपेतही ओळखेल.

निघायच्या वेळी त्याने दोन्ही कॅन उचलले. कयाकपाशी आणले. पुढच्या सीटकडे बराच वेळ बघत उभा राहिला.

मग कॅन वाळूवर ठेवून दिले.

"बस," तो म्हणाला.

कयाक पाण्यात ढकलली. मागे बसला. आता नाक वर उचलणार म्हणून वल्हं घट्ट धरलं...

नाक उचललं नाही.

कयाक सपाट होती. चांगला वारा सुटला होता, तरी रेघ ओढल्यासारखी सरळ जात होती. समोर रिकामी सीट. तिच्यावर ऊन. बाकी काहीच नाही.

मग मिस्त्री बोलायला लागला. अडीच महिन्यांचं साठलं होतं.

"लेकीला नोकरी लागली गं. साहेब बरा आहे म्हणते. स्वयंपाकघरातला नळ अजून गळतोच. तुझ्या कुंड्यांतली दोन झाडं मेली. मी पाणी घालत होतो, खरंच. बहुतेक जास्तच घातलं."

कयाक सपाटच होती. तेवढं पुरे होतं.

शेड दिसायला लागलं. काठावर काकींचं केशरी जॅकेट दिसलं आणि मिस्त्रीचं वल्हं मंदावलं. काठ आला की उतरावं लागणार. उतरलं की झालं...

पाण्यात एक जुना लाकडी खांब होता. त्याच्याजवळ त्याने वल्हं थांबवलं.

"ए... मागे वळ ना एकदा."

काहीच नाही.

"मीच म्हणालो होतो वळू नको म्हणून. आता मीच सांगतोय. त्या दिवशी तू हाक मारलीस आणि मी बघितलं नाही. आज बघतो. वळ."

पाण्याचा आवाजही थांबल्यासारखा झाला.

आणि कयाक... सावकाश... डावीकडे कलली.

कुणीतरी कमरेतून वळून डाव्या खांद्यावरून मागे बघावं, तशी.

सवय वाईट असते. मिस्त्रीचं अंग आपोआप उजवीकडे गेलं. वल्हं पाण्यावर आडवं दाबलं गेलं. नजर वल्ह्यावर. तोल सांभाळताना नजर वल्ह्यावरच जाते, दुसरीकडे जात नाही.

एक सेकंद. फार तर दोन.

कयाक सावरली. त्याने वर बघितलं.

रिकामी सीट. तिच्यावर ऊन.

मग पुढचं नाक हळूहळू वर यायला लागलं. आवाज न करता कुणी उठून जावं तसं. वाऱ्याने ते नाक धरलं आणि कयाक गरागरा फिरली.

काकींनी गुडघाभर पाण्यात येऊन दोरी पकडली.

"कॅन कुठेत?"

"तिकडेच राहिले."

"तिकडे?" काकी सीटकडे बघतच राहिल्या. "मी केव्हाची बघतेय तुम्हाला. कॅन नाहीत तर एवढे सरळ कसे आलात? त्या खांबापर्यंत तर दोन माणसं बसल्यासारखी चालली होती. मग एकदम नाक वर झालं..." त्या थांबल्या. आवाज खाली आला. "दादा, काही पडलं का तुमचं पाण्यात?"

मिस्त्री खांबाकडे बघत होता.

"हो," तो म्हणाला. "पडलं."

संध्याकाळी लाँचमधून उतरल्यावर त्याने लेकीला फोन केला. जॅकेट घातलं होतं, एवढंच सांगितलं.

या गोष्टीला आता चार महिने झाले. दुकानात एखादं चाक फिरवलं आणि टिकटिक वाजली की तो हातातलं काम सोडून ऐकत बसतो. गिऱ्हाईक आवाज देतं तेव्हा भानावर येतो. पाठीमागे मात्र वळत नाही.

काय होतं ते, माहीत नाही. वारा असेल. भास असेल. चाक उन्हाने तापलं असेल, जरी ते सावलीत होतं. ज्याला जे मानायचं ते मानावं.

त्याला झोप लागत नाही ती वेगळ्याच गोष्टीने. त्या दोन सेकंदांत ती वळली असेल. सांगितलं म्हणून वळली असेल. आणि तिला काय दिसलं असेल...

माझं खाली घातलेलं डोकं.