पहिली ओळ आईची

रविवारची प्रार्थना आटोपली, तरी मातावेराच्या चर्चमधल्या चौदा बायका विणलेले पंखे हलवत बाकांवरच बसून राहिल्या. घरी मासळी निवत होती. पण नूरोआ आठ वर्षांनी रारोटोंगा बेटावर उगवला होता. सिडनीत सिनेमांना संगीत देणारा, गिटारपासून चेलोपर्यंत मिळेल ते वाद्य वाजवणारा हा हरहुन्नरी गडी. त्याच्यासाठी जेवण थोडं थांबवणं भागच होतं.

त्याला एकच स्तोत्र ध्वनिमुद्रित करायचं होतं, आईचं. गावात रीत अशी, की स्तोत्राची पहिली ओळ एकच बाई उचलते आणि बाकीच्या मागून येतात. तिने पुन्हा उचललं, की कुणी गप्प बसायचं नाही. हे स्तोत्र तीस वर्षं नूरोआच्या आईने उचललं. गेल्या वर्षी ती वारली, तेव्हा हातातल्या सिनेमाचं काम संपत आलं होतं, म्हणून तो मातीला आला नाही. ते त्याला फार डाचत होतं. आता नव्या सिनेमात तिचा आवाज घालून तो मनाचं ओझं उतरवू बघत होता.

"ती गेल्यापासून हे कुणी उचललं नाही," तेपाएरूमावशी म्हणाली. "तुला निरोप नव्हता का पोचला?"

"पोचला होता, मावशी."

"मग विमानं बंद असतील."

बायका हसल्या. नूरोआने फोनमध्ये जपलेली आईची एक ओळ स्पीकरवर लावली.

"यंत्राला उचलायला लावतोस?" मावशी कुरकुरली. पण ओळ सुरू झाली होती आणि रीतीपुढे इलाज नव्हता. बायका मागून आल्या.

कडवं सुरेख झालं. नूरोआने स्पीकर बंद केला.

दुसरं कडवं आईनेच उचललं.

फोनमध्ये एवढीच ओळ होती. त्याने वायर उपटली. आवाज डावीकडून, तिच्या रिकाम्या बाकावरून येत होता. बायकांचे चेहरे पांढरे पडले, पण त्या गात राहिल्या. तिसरं कडवं झालं, चौथं झालं, आणि पुन्हा पहिलं सुरू झालं. म्हाताऱ्यांचे गळे बसले.

"मावशी, थांबव हे."

"मी कोण थांबवणार?" मावशीने कसाबसा दम घेतला. "शेवटची ओळ उचलणारीच्या लेकराने म्हणायची असते. तुझी आई तुझ्यासाठी थांबलीय."

नूरोआ उभा राहिला. चाल त्याला झोपेतही वाजवता आली असती. पण शब्द? सकाळपासून तो मावशीशीसुद्धा इंग्रजीतच बोलत होता. गावची भाषा जिभेवरून कधी गेली, ते त्याला कळलंच नव्हतं.

त्याने नुसता सूर लावला.

आवाज थांबला. बायकांनी पंखे हातात घेतले.

मग, तान्ह्या पोराला शिकवावं तसा, एकेक शब्द सुटा करत, आईचा आवाज पहिल्यापासून पुन्हा सुरू झाला. मावशीने पंखा खाली ठेवला आणि तोंड उघडलं.