सरूच्या रांगेतलं सहावं झाड

१९५८ सालच्या नोव्हेंबरात जपानमधल्या अंग्यो गावावर धुकं येऊन बसलं, ते दहा-बारा दिवस हललंच नाही. त्याच दिवसांत किनुएचे वडील शिडीवरून पडले आणि टेकडीवरच्या हातानोबाईंच्या बागेतली सरूची अकरा झाडं तिच्या वाट्याला आली.

सरूला लोखंड सोसत नाही. कात्री लागली की पानांची टोकं गंजल्यासारखी तांबडी पडतात. म्हणून अंग्योचे माळी कोवळे शेंडे चिमटीने खुडतात, आणि एका झाडाला दोन दिवस लागतात. महिना संपायला बाराच दिवस उरले होते.

"महिनाअखेर अकरा झाली तर आपली रोपवाटिका तू चालव," वडील अंथरुणातून म्हणाले. "नाहीतर सोयासॉसवाल्यांच्या मुलाला होकार कळवतो."

किनुए बावीस वर्षांची होती. सोयासॉसवाल्यांचा मुलगा तसा वाईट नव्हता. पण त्यांच्या अंगणात एकही झाड नव्हतं.

तिसऱ्या सकाळी ती चढून आली, तर रांगेच्या दुसऱ्या टोकाचं अकरावं झाड खुडून तयार. पानं ढगासारखी मऊ, एकही टोक तांबडं नाही. तिने फांदी उचलून पाहिली. चिमटीचा पीळ उलटा होता... डाव्या हाताचा. गावात डावखुरा माळी एकच – यासुकिची आजोबा. ही झाडं त्यांनीच लावली होती. आणि त्यांना जाऊन सात महिने झाले होते.

हातानोबाईंनी चहाचे दोन कप आणून ओट्यावर ठेवले.

"दुसरा कुणाला?"

"यासुकिचीला," बाई शांतपणे म्हणाल्या. "काम अर्धं टाकून जाणारा नव्हताच तो."

किनुए पळून गेली नाही. भुतापेक्षा तिला महिनाअखेरीची भीती जास्त वाटत होती. ती एका टोकाने खुडत राहिली, दुसऱ्या टोकाची झाडं आपोआप होत राहिली. अकराव्या दिवशी दोन्हींच्या मध्ये सहावं तेवढं उरलं. त्याच्या पोटात टोपलीएवढं भोक होतं, थेट खोडापर्यंत उघडं. कधीतरी कुणीतरी तिथे कात्री घातली होती. सरूच्या जुन्या लाकडाला पुन्हा कोंब येत नाही.

"यासुकिची आजोबा," ती धुक्यात म्हणाली, "एवढं एक झाड करून द्या. माझी बोटं सुजलीत."

मग झाडापलीकडून आवाज आला, "ते नाही जमणार. त्याला हात लावायची मनाई आहे मला."

किनुएने शिडी घट्ट धरली. "कुणाची?"

"तुम्ही हाक मारताय ना... त्यांचीच."

धुक्यातून एक सडपातळ तरुण बाहेर आला. अंगात शहरी कोट, डाव्या हाताची बोटं हिरवी. तो सेइगो होता, आजोबांचा नातू.

"हे भोक माझं," तो म्हणाला. "सोळाव्या वर्षी घाई केली, कात्री चालवली. आजोबांनी हाकललं. म्हणाले, या झाडाला पुन्हा हात लावू नकोस, आणि हे भरेल तेव्हाच परत ये."

"ते कधीच भरत नाही."

"तेच तर."

"मग चोरून का येता?"

"चहाच्या दुकानात ऐकलं, तुमचं लग्न या झाडांवर अडलंय."

"त्याचं तुम्हाला काय?"

त्याने कोटाच्या खिशातून तिचा रुमाल काढला. "पहिल्या दिवशी शिडीवर विसरला होतात. सरूचा वास येतो याला. तिकडे गेलात तर... सोयासॉसचा येईल."

"म्हणजे अकरा दिवस वास घेत बसलात."

"अधूनमधून झाडंही खुडली."

किनुएला हसू आवरेना. "पाच झाडं केलीत. उपकार झाले."

सेइगोचा चेहरा बदलला. "पाच? मी तीन केली. अकरावं, दहावं, नववं. ती दोन तुम्ही केलीत ना?"

किनुएने उजवा हात वर धरला. दोघं सातव्या-आठव्या झाडाकडे वळले. प्रत्येक टोकाला डावा पीळ. फांद्यांमधून ताज्या खुडल्याचा दरवळ येत होता. ओट्यावरचा दुसरा कप रिकामा होता.

"आज चहा मी अजून घेतलेला नाही," सेइगो हळूच म्हणाला. मग कपावरून नजर काढत, "उद्या टोकियोची गाडी आहे माझी..."

"पाच तुमच्या बाजूची, पाच माझी. वाटणी कुणी करून दिली, दिसतंय ना?" किनुए म्हणाली. "हे मधलं मी करते. तुम्ही शिडी धरा... आणि कुठे जाऊ नका."

"उद्यापर्यंत?"

"उद्या म्हटलं का मी?"

वडिलांनी मग काठी टेकत झाडं पाहिली, डावा पीळ ओळखला आणि एवढंच विचारलं, "हा डावखुरा जिवंत आहे ना?" ते आणखी नऊ वर्षं जगले, पण शिडीवर कधी चढले नाहीत. हातानोबाई चौसष्ट साली गेल्या, बाग त्यांच्या मुलाने तशीच ठेवली. सोयासॉसवाल्यांच्या मुलाने शाळेतल्या बाईंशी लग्न केलं. किनुएने त्याच्या अंगणासाठी सरूची दोन रोपं दिली.

किनुए आणि सेइगो बेचाळीस वर्षं दर नोव्हेंबरात टेकडीवर गेले, तो त्या टोकाने, ती या टोकाने. सहावं नेहमी तिचं. त्याने त्याला शेवटपर्यंत हात लावला नाही.

२००१च्या वसंतात सेइगो गेला. त्या नोव्हेंबरात किनुए एकटीच धुक्यातून वर चढली. पलीकडची पाचही झाडं खुडून तयार होती, डाव्या पिळाने. सहावं तसंच वाढलेलं, तिची वाट पाहत.

"अजून घाबरता होय आजोबांना," ती म्हणाली, आणि तिने शिडी लावली.