पाटन रोडच्या कॉलेजातली हजेरी

नर्मदामाईची शपथ घेऊन सांगते, यातला शब्द न् शब्द खरा आहे! खोटं निघालं तर माझी कवळी उंदीर पळवो. बसा नीट. चिन्मयी चहा करून राहिली आहे.

माझा पुतण्या श्यामसुंदर तुम्हाला माहीतच आहे. बारावीत नापास झालेला माणूस, अन् निघाला मास्तर घडवायला! पाटन रोडवर मटाराचं गोदाम होतं, त्यालाच पाटी ठोकून यानं बी.एड. कॉलेज काढलं. आत गेलं की अजून सालपटांचा वास. पोरांची नावं कागदावर, खरी शिकणारी एकटी माझी नात चिन्मयी. काका म्हणून गेली बिचारी.

मग मान्यता रद्द झाली. हा कोर्टात गेला, लाज म्हणून नाहीच. कोर्ट म्हणालं, पुन्हा तपासणी करा. मान्यता गेली तर चिन्मयीला शेवटच्या परीक्षेला बसता येणार नव्हतं. शिकवायची फार हौस हो पोरीला. मराठी सगळं समजायचं, पण इथं हिंदी मुलखात वाढलेली, उत्तर हिंदीत. "आजी, मेरा क्या होगा?" एवढंच दिवसभर.

श्याम घरी आला. "काकू, एक दिवस आमच्या मानसशास्त्राच्या प्रोफेसर बना ना. खुर्चीत बसायचं फक्त."

"मी गणिताची मास्तरीण आहे, मेल्या. अन् पोरं कुठून आणशील?"

"मझौली गावाकडून एक बस येते. जिथं तपासणी, तिथं तीच पोरं बसतात. चलता है, काकू. टेन्शन काहून घेता?"

थू! पण नातीसाठी गेले.

तपासणीला दोघं साहेब आले, लक्ष सगळं जेवणाकडे. तेवढ्यात श्यामला बसवाल्या विक्कीचा फोन. बस रस्त्यात बंद पडली. श्यामचा चेहरा पडवळासारखा पांढरा. मी मनात म्हटलं, बरं झालं, आणि लगेच चिन्मयीकडे पाहून जीभ चावली.

साहेबांनी हॉलचं दार ढकललं.

हॉल भरलेला होता.

सगळ्या बाकांवर पोरं. पांढरे कपडे, हात बाकावर, नजर फळ्यावर. मटाराचा वास कुठच्या कुठे. त्या जागी थंड, ओल्या खडूचा वास. चिन्मयी पुढच्या बाकावर जाऊन अंग चोरून बसली. जन्मभर वर्ग घेतले मी. खोकणारं एक तरी पोर असतं. इथं कोणी साधं हललं नाही.

"हजेरी लीजिए," साहेब म्हणाले.

हजेरीपट कोर्टात जमा होता. श्यामला काय, खोटी नावं सांगायची सवयच. जिभेवर येईल ते बोलत सुटला.

"अवंतिका."

"उपस्थित." एक पोरगी उभी राहिली.

"गौतम."

"उपस्थित."

आवाज तोच. पोराचाही, पोरीचाही. श्याम नाव बनवायचा आणि कोणीतरी उठायचं. एकेक पाऊल दाराकडे सरकत होता, पण थांबतो कसला, मान्यता हवी ना!

"वाह, क्या अनुशासन है," साहेब खूश.

"चिन्मयी."

ती तोंड उघडणार, तर मागच्या बाकावरून एक उठली.

"उपस्थित."

"सर, मैं हूँ चिन्मयी!" माझी नात ओरडली.

साहेबांनी मान वळवली नाही. श्यामनंही नाही. ती धावत माझ्याकडे आली. "आजी, इनको बोलो ना!" मी तिचा हात धरला आणि रिक्षात घालून सरळ घरी आणली.

मान्यता मिळाली. चिन्मयी पास झाली, शाळेत लागली. श्याम आता तिकडे पाय ठेवत नाही. म्हणतो, "काकू, पोरं घरी जातच नाहीत. बसूनच आहेत."

झालं. काहून असे पाहता?

बरं बाबा, एक गोष्ट मनाची घातली. चिन्मयीला घरी आणली म्हटलं, ते खोटं. हात धरला होता मी. ती रडून राहिली होती, हिंदीत काहीतरी सांगत होती. मग मलाही ऐकू येईना. दाराबाहेर आले तेव्हा हातात हात होता, थंडगार. वर पाहिलं तर मागच्या बाकावरची.

चांगली आहे हो पोरगी. मराठी किती स्वच्छ बोलते.

आली बघा चहा घेऊन. तिच्यासमोर एकमेकांना नावानं हाक मारू नका. तुमच्याआधी दुसरंच कोणी 'उपस्थित' म्हणायचं.